सुट्टीच्या दिवशी चालणारी लाइन

तुमचं नेमकं काम काय, असं कुणी विचारलं की मी आजही जरा चाचरतो. ‘नेटवर्कचं’ म्हटलं की लोक मान डोलावतात आणि घरातला बंद पडलेला मोबाइल पुढे करतात. हाच प्रश्न माझ्या वडिलांनी मला नोकरी लागली त्याच आठवड्यात विचारला होता. ते सांगलीच्या हळदीच्या पेठेत हमाली करायचे. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला मी पहिलाच. त्यामुळे मी काय शिकलो ते घरात कुणाला तरी कळावं, असं मला फार वाटायचं. मी त्यांना पेठेतलंच उदाहरण दिलं.

“समजा, पोतं बरोबर पेठेत आलं. आता ते सतरा नंबरच्या गाळ्यात द्यायचंय. पण एकाही गाळ्यावर पाटी नाही. मग आणणारा मधोमध उभा राहून ओरडतो, सतरा नंबर कुणाचा? जो ‘माझा’ म्हणून हात वर करतो त्याच्या दारात तो पोतं टाकतो. दर पोत्याला ओरडायला नको म्हणून त्याचा चेहरा काही वेळ ध्यानात ठेवतो. राउटर म्हणून आमची एक पेटी असते, ती हेच करते.”

“आन् कुणीच हात वर केला न्हाई तर?”

“तर पोतं फेकून देते.”

हे त्यांना अजिबात पटलं नाही. “फेकून? आन् पोतं मिळालं न्हाई म्हणून बोंब झाली की बोलणी कुणाला?”

“पेटीला.”

“न्हाई,” ते म्हणाले. “बोलणी हमालाला.”

आमच्या धंद्यातलं एवढं समजलं तरी पुढचं सगळं समजेल. राउटरला जोडलेल्या पडद्यावर एक तक्ता दिसतो. एका रकान्यात आम्ही कॉम्प्युटरला दिलेला नंबर, म्हणजे गाळ्याचा नंबर. दुसऱ्या रकान्यात त्या कॉम्प्युटरमधल्या कार्डावर बनवणाऱ्यानंच कायमचा घातलेला नंबर, म्हणजे गाळेवाल्याचा चेहरा. दोन्हींची जोडी जुळली की शेजार जुळला. हाक मारूनही उत्तर आलं नाही तर दुसऱ्या रकान्यात ‘इनकम्प्लीट’ असं येतं. तो शब्द मला आजही नकोसा वाटतो.

खरं तर ‘इनकम्प्लीट’ हा सोपा आजार. तासगावकडच्या एका बेदाण्याच्या शीतगृहात तो मला पहिल्यांदा भेटला. गणपतीची आरास मांडायला त्यांनी ऑफिसातला कॉम्प्युटर दुसऱ्या भिंतीला नेला होता आणि केबल थर्माकोलच्या डोंगरामागे राहिली होती. मी बापडा अर्धा दिवस राउटरशी झटत बसलो. कारण सापडल्यावर मालक हात जोडून म्हणाले, “विसर्जन होईपर्यंत थांबा साहेब, देखावा मोडता यायचा नाही.” मी थांबलो. कुणाचं काही बिघडलं नाही.

खरा घाबरवणारा आजार वेगळाच. त्यात तक्त्यात सगळं जुळलेलं दिसतं, प्रत्येक तपासणीला उत्तर येतं, आणि तरीही माल पोचत नाही.

नव्वदचं दशक संपत आलं होतं. सांगलीत शेटेसरांची छोटी फर्म होती. दोन खोल्या, आम्ही चौघे. सर हुशार होते, पण कायम घाईत असायचे. कुपवाडला पंपांच्या सुट्या भागांची फौंड्री असलेली एक कंपनी आमचं मोठं गिऱ्हाईक होती. ओतकाम कुपवाडला व्हायचं आणि त्यावरचं मशीनकाम त्यांच्या साताऱ्याच्या कारखान्यात. साताऱ्याहून रोज सकाळी एक यादी यायची. कुठले भाग हवेत, किती हवेत, कुठले नापास झाले. तिच्यावर त्या दिवशीचे साचे ठरायचे. ही यादी टेलिफोन खात्याकडून घेतलेल्या खास लाइनीवरून यावी म्हणून आम्ही दोन्हीकडे राउटर बसवले होते.

दिवाळी झाली आणि याद्या येईनाशा झाल्या. रोज नाही. कधी यायच्या, कधी नाही, कधी अर्ध्याच. अर्धी यादी आली की कुपवाडला अर्धेच साचे भरले जायचे आणि साताऱ्यात मशीन रिकामी उभी राहायची.

सरांनी मला साताऱ्याला पाठवलं. पेठ नाक्यापासून पुढे एस.टी.त मी वही उघडून तपासण्यांची उजळणी करत होतो, म्हणजे परीक्षेच्या दिवशी करायचो तशी. साताऱ्याच्या ऑफिसचा कारभार सुभेदारसाहेबांकडे होता. तोफखान्यातून निवृत्त झालेले, ताठ, मिशा पांढऱ्या. तोफांमुळे कान अधू झालेले, त्यामुळे टेबलावरचा फोन ते कायम स्पीकरवर लावायचे. फोनवरचं प्रत्येक बोलणं सगळ्या हॉलला ऐकू जायचं.

यादी पाठवायचं काम मंदाताई जाधवांकडे होतं. वयानं माझ्याएवढ्याच असतील, पण सगळे ताई म्हणायचे म्हणून मीही म्हणायचो. नवरा सैन्यात, कुठंतरी बर्फात. त्या सासरच्या गावातून एस.टी.नं यायच्या. कॉम्प्युटरचा कोर्स करून ही नोकरी मिळवलेली, आणि अजून कायम झालेल्या नव्हत्या.

मी तपासण्या केल्या. साताऱ्याचा राउटर ठीक. मधली लाइन ठीक. कुपवाडच्या राउटरला हाक मारली, उत्तर आलं. त्याच्या पलीकडे कुपवाडच्या मुख्य कॉम्प्युटरच्या नंबराला हाक मारली, तिथूनही उत्तर आलं.

“लाइन क्लियर?” सुभेदारांनी विचारलं.

“क्लियर आहे.”

“मग यादी का जात न्हाई?”

मी हाक पुन्हा मारून बघायला लागलो. तेवढ्यात फोन वाजला. कुपवाडचे मॅनेजर आरवाडेसाहेब होते. माणूस वाईट नव्हता, पण भट्टी पेटलेली असली की त्यांचा आवाज चढलेला असायचा.

“आज परत अर्धीच. बाई यादी अर्धी पाठवून चहाला जातात का?”

सगळा हॉल ऐकत होता. कुणीतरी खाली मान घालून हसलं.

मंदाताई उठून टेबलापाशी आल्या. “साहेब, मी पुरी पाठवली हाय. मधीच थांबलं, परत पाठवली, परत थांबलं.”

“तुमच्याकडे तो इंजिनिअर आलाय ना? त्याला विचारा लाइन कशी आहे.”

सुभेदारांनी माझ्याकडे पाहिलं. “लाइन ठीक आहे,” मी म्हणालो. खोटं नव्हतं ते. पण मंदाताईंनी माझ्याकडे ज्या नजरेनं पाहिलं, ती मला परतीच्या सगळ्या वाटेवर पुरली.

आता कुपवाडला जाऊन बघणं भाग होतं. पण आरवाडेसाहेबांचा नियम पक्का होता. काम चालू असताना ऑफिसातल्या कुठल्याही यंत्राला बाहेरच्यानं हात लावायचा नाही. या आधी कुणीतरी लावला होता आणि सगळ्या पाळीचा हिशेब उडाला होता. विजेची ओढाताण नको म्हणून औद्योगिक वसाहतींना सुट्टीचे वार वेगवेगळे वाटून दिलेले असतात. कुपवाडची सुट्टी असेल त्या वारी सातारा चालू असतो. “सुट्टीच्या दिवशी ये आणि दिवसभर काय ते कर,” असं त्यांचं म्हणणं. मलाही ते बरं वाटलं, कारण सुट्टीच्या दिवशी अंगावर ओरडायला कुणी नसायचं.

मी गेलो. भट्टी थंड, आवारात फक्त वॉचमन. मंदाताईंनी यादी पाठवली, ती सरळ पोचली. मी त्यांना पुन्हा पाठवायला लावली, तीही पोचली. राउटरचा तक्ता काढला, शेजार जुळलेला. मुख्य कॉम्प्युटरच्या कार्डाचा नंबर मी वहीत उतरवून घेतला, तो फक्त सवयीनं. संध्याकाळी सरांना सांगितलं की एकदाही चुकलं नाही.

“झालं तर,” सर म्हणाले. “आपलं सामान ओके, खात्याची लाइन ओके. राहिलं कोण? ऑपरेटर. तसा रिपोर्ट लिहून दे. आरवाडेंना लेखी पाहिजे, महिनाअखेरीला त्या बाईंची मुदत संपतेय.”

“म्हणजे रिपोर्टवरून त्यांना काढणार?”

“ते त्यांचं ते बघतील. तू टेक्निकल माणूस, टेक्निकल लिही.”

मी कागद समोर घेऊन बसलो. ‘यंत्रणेत दोष आढळला नाही’ हे वाक्य मनात तयार होतं. आढळला नव्हता हे खरं. पण ते वाचणारा ‘म्हणजे चूक ऑपरेटरची’ हे पुढचं वाक्य आपोआप वाचणार होता, आणि ते खरं की खोटं हे मला माहीत नव्हतं. मी कागद तसाच ठेवला. पुढच्या आठवड्यात पुन्हा सुट्टीच्या दिवशी कुपवाडला गेलो. पुन्हा सगळं चालू. मधल्या दिवसांत पुन्हा याद्या गहाळ. सर दोनदा रागावले. मी नोकरीला नवा होतो, घरी माझ्या पगाराची सवय व्हायला लागली होती, आणि दोष सापडत नाही हे कबूल करणं म्हणजे आपल्याला येत नाही हे कबूल करणं, असं मला वाटायचं. रात्री जेवण जायचं नाही. आई म्हणायची, उष्णता झाली असेल.

शेवटी सरांनी मधला मार्ग काढला. “साताऱ्याला जा, त्या बाईंना ट्रेनिंग दे, ट्रेनिंग घेतल्याची सही आण. मग रिपोर्ट लिहायला तुला जड जाणार नाही.”

मी गेलो. मंदाताईंच्या शेजारी स्टूल घेऊन बसलो आणि त्यांना यादी पाठवायला सांगितलं. त्यांनी एक एक गोष्ट केली, सगळी बरोबर. यादी मधेच थांबली. माझ्या डोळ्यांदेखत. मी मुख्य कॉम्प्युटरला हाक मारली, लगेच उत्तर आलं.

“आता सही कुठं करू?” त्यांनी विचारलं. सरांनी काय करायला सांगितलंय ते त्यांना सुभेदारांकडून कळलेलं होतं.

“ताई, मला खरंच कळत नाहीये.”

“मला एक सांगा,” त्या हळू बोलल्या, हॉलला ऐकू जाऊ नये म्हणून. “कुपवाडला सुट्टी असली की माझी यादी एका दमात जाती. दुसऱ्या दिवशी परत अडकती. सुट्टीच्या दिवशी मला जास्ती अक्कल येती का? आवं, सुट्टी त्यांची असती, माझी न्हवं.”

हे त्या टोमणा म्हणून बोलल्या. मी ओशाळून खाली बघितलं, आणि तसाच बघत राहिलो. कारण त्या सुट्टीच्या दिवसांवर तर माझ्या सगळ्या तपासण्या उभ्या होत्या. मी जेव्हा जेव्हा कुपवाडला गेलो, तेव्हा तिथं जे काही एरवी चालू असतं ते बंद होतं.

सही न घेताच मी उठलो. सुभेदार म्हणाले, “काय जवान, रिपोर्ट?”

“अजून नाही साहेब.”

“मोर्चा सोडून चाललास?”

“कुपवाडला चाललोय.”

आरवाडेसाहेबांपुढे उभं राहणं मला फौंड्रीतल्या भट्टीपुढे उभं राहण्यापेक्षा अवघड होतं. मी चालू दिवसाची सकाळ मागितली. त्यांनी मान वर न करता नाही म्हटलं. मी तिथंच उभा राहिलो. माझी ही एक खोड आहे. मला भांडता येत नाही, पण निघूनही जाता येत नाही.

“काय राहिलं?”

“साहेब, मी कुठल्याही यंत्राला हात लावणार नाही. फक्त राउटरचा पडदा बघेन.”

“आणि बघून काय होणार?”

“माहीत नाही. पण सुट्टीच्या दिवशी बघितलेलं काही कामाचं नाही, एवढं कळलंय. न बघता मी त्या बाईंचं नाव लिहू शकत नाही.”

त्यांनी चष्मा काढून पुसला. “उद्या सकाळी ये. भट्टी सुटून ओतकाम सुरू व्हायच्या आत आटप. आणि नाही सापडलं तर तुझा रिपोर्ट नसला तरी मी शेरा मारून त्या बाईंचा कागद पुढे पाठवणार. मला रोज साचे भरायचे असतात.”

सकाळी पहिल्या पाळीचा भोंगा झाला तेव्हा मी राउटरपुढे बसलेलो होतो. फौंड्रीची काळी भुकटी पडद्यावरसुद्धा बसते, ती रुमालानं पुसली. तक्ता काढला. मुख्य कॉम्प्युटरच्या नंबरापुढे वहीत होता तोच कार्डनंबर. ठीक. साताऱ्याला फोन लावला, सुभेदारांनी उचलला. मंदाताईंना यादी पाठवायला सांगा म्हटलं.

“चालू केली म्हणत्यात,” सुभेदार.

यादी येत होती. बाहेर हळूहळू यंत्रांचा आवाज चढत गेला. मी तक्ता पुन्हा पुन्हा काढत होतो, आणि मनात एक नको तो विचार येत होता, की आज नेमकी सगळी यादी नीट जाईल आणि मी पुन्हा रिकामा परत जाईन.

“थांबली म्हणत्यात.”

तक्ता काढला. गाळ्याचा नंबर तोच, पण चेहरा बदललेला. कार्डाचा नंबर वहीतल्या नंबराशी जुळत नव्हता. मी एक एक अक्षर बोट ठेवून वाचलं. मग लक्षात ठेवलेलं विसर, असं राउटरला सांगितलं, म्हणजे ती नोंद पुसली. क्षणभर पडद्यावर ‘इनकम्प्लीट’ आलं. आयुष्यात त्या शब्दानं मला आनंद झाला तो तेवढाच एकदा. मग उत्तर आलं, खऱ्या कॉम्प्युटरचं. आणि थोड्या वेळानं ते पुसून पुन्हा त्या दुसऱ्याचं.

एका नंबरावर दोघं हात वर करत होते. राउटर भोळा असतो. जो शेवटी बोलला त्याचं तो खरं मानतो. यादी निघायची ती मुख्य कॉम्प्युटरकडे, आणि मधेच वळून जायची दुसऱ्या कुणाच्या तरी दारात, ज्याला तिचं काय करायचं ते माहीत नव्हतं. माझ्या हाकेला मात्र तोही इमानानं ओ द्यायचा. म्हणून माझी प्रत्येक तपासणी पास होत होती. फौंड्रीच्या ऑफिसातले बाकीचे लोक मुख्य कॉम्प्युटरला वेगळ्या तारांनी थेट जोडलेले होते, त्यांचं काही अडत नव्हतं. अडायचं ते फक्त साताऱ्याचं.

दुसरा कोण ते शोधायला फार वेळ लागला नाही. केबल जिथं एकत्र येतात त्या डब्यावर एक दिवा नको इतका लुकलुकत होता. त्या दिव्याची केबल मी हात न लावता नजरेनं धरून चालत गेलो. भिंतीवरून, पत्र्याखालून, पॅसेजमधून. ती टूलरूममध्ये उतरली.

टूलरूम म्हणजे साचे आणि डाय बनवण्याची जागा, बाबासो मिस्त्रींचं राज्य. कंपनी सुरू झाली तेव्हापासूनचे. हातानं घासून बसवलेला त्यांचा डाय केसाइतकाही चुकत नाही, असं आरवाडेसाहेबच सांगायचे. दिवाळीत तिथं नवं मिलिंग मशीन आलं होतं आणि त्याच्या सोबत एक कॉम्प्युटर. मिस्त्री त्याच्यापुढे चष्मा नाकावर घेऊन बसले होते.

“मिस्त्री, हा कधी जोडला?”

“पाडव्याला. पूजा करूनच. साताऱ्याची ड्रॉइंगं हितं येत्यात आता. लय सोय झाली गड्या.”

“नीट येतात?”

“येत्यात की. कवा कवा अडतंय, मग थांबायचं, परत मागायचं. तवा येतंय.”

“नंबर कुणी घातले?”

“मीच. तुमच्या लोकांनी त्या मोठ्या कॉम्प्युटरला चिठ्ठी चिकटवल्याली हाय न्हवं, तिच्यावरचं घातलं.”

“सगळे? जसेच्या तसे?”

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी कानस कशी धरायची ते विचारतोय. “आरं, एक लेथ चांगला माल काढतोय म्हटल्यावर दुसऱ्या लेथला काय करायचं? त्याचीच शिटिंग उचलायची. एक दोरा हिकडं न्हाई, एक दोरा तिकडं न्हाई. चालत्या मशीनच्या शिटिंगात आपली अक्कल घालायची नसती. माझ्या वस्तादानं शिकवलंय मला.”

मला हसू आलं नाही. सगळ्या कुपवाडमध्ये काम असंच चालतं आणि त्यामुळेच ते चांगलं होतं. चिठ्ठी लावली ती आमच्याच लोकांनी. फक्त एवढंच, की लेथच्या धंद्यात दोन यंत्रं हुबेहूब सारखी असणं चांगलं, आणि माझ्या धंद्यात दोन यंत्रांचा नंबर सारखा असला तर दोन्ही एकमेकांचा घास ओढतात. आज कुठलाही कॉम्प्युटर असं झालं तर लगेच सूचना देतो. त्या टूलरूममधल्याला तेवढी अक्कल नव्हती. मुख्य कॉम्प्युटरला होती. पुढे कळलं की तो बिचारा दिवाळीपासून आपल्या पडद्यावर तक्रार लिहीत होता. पण भुकटी बसू नये म्हणून त्याच्यावर कापडी खोळ घातलेली असायची, आणि ती मीही कधी वर केली नव्हती.

मी मिस्त्रींना समजावून सांगितलं. त्यांनी एकदा पडद्याकडे, एकदा केबलकडे पाहिलं. मग म्हणाले, “म्हंजे मी सकाळी हे चालू केलं, की साताऱ्याच्या पोरीची यादी हितं यायची?”

“इथं यायची आणि वाया जायची.”

“आन् साहेब तिला बोलायचे.”

“हो. तिला काढायचा कागद तयार आहे.”

मिस्त्रींनी कॉम्प्युटर बंद केला, हात पुसले, टोपी नीट केली आणि माझ्या पुढं चालायला लागले.

आरवाडेसाहेबांनी सगळं ऐकून घेतलं. मिस्त्रींना ते काही बोलणार नव्हते, हे त्यांच्या चेहऱ्यावरून दिसतच होतं. त्यांचा जीव भांड्यात पडल्यासारखा झाला होता. “चला, सुटला प्रश्न. नंबर बदलून टाक. साताऱ्याला कळवतो, लाइन दुरुस्त झाली म्हणून.”

लाइन दुरुस्त झाली. म्हणजे मधल्या सगळ्या दिवसांचं काय, हे त्यात कुठंच नव्हतं. मला ते बोलायचं होतं. वाक्य तयारही होतं, पण मी नुसता टेबलाकडे बघत उभा होतो. त्यांच्या टेबलावर मंदाताईंचा कागद होता, त्यावर शेरा मारलेला मला उलट्या अक्षरात दिसत होता.

मिस्त्री म्हणाले, “साहेब, लाइन कुठं बिघडल्याली? मी बिघडवली. तसं सांगा.”

“मिस्त्री, तुमचं नाव कशाला मधे—”

“मग त्या पोरीचं कसं आणलंसा मधी?”

बाहेर भट्टी सुटायची वेळ झाल्याची हाळी आली, तरी आरवाडेसाहेब उठले नाहीत. मग त्यांनी तो कागद ओढून घेतला आणि शेऱ्यावर दोन उभ्या-आडव्या रेघा मारून खाली काहीतरी लिहिलं. काय ते मला वाचता आलं नाही. मी टूलरूममध्ये जाऊन नंबर बदलला. परत आलो तोवर त्यांनी साताऱ्याला फोन लावला होता.

पलीकडे सुभेदारांचा आवाज, आणि त्याच्यामागे हॉलमधला तो ओळखीचा घुमणारा आवाज. स्पीकर चालूच होता.

“मंदाबाईंना द्या.”

“बोला साहेब,” त्या म्हणाल्या. आवाज आधीच घट्ट झालेला, म्हणजे बोलणी खायची तयारी केलेला.

“आमच्या इथं एका मशीनला चुकून तुमच्या यादीचाच नंबर पडला होता. तुम्ही यादी पुरी पाठवत होता. आमच्याकडेच चुकत होतं. तुमच्या कायम होण्याचं मी लिहिलंय, आज पाठवतो.” ते एका दमात बोलले. मग श्वास घेऊन म्हणाले, “आता पाठवा, बघू.”

मी पडद्यापाशी गेलो. यादी निघाली. मी तक्ता काढला, पुन्हा काढला, पुन्हा काढला. चेहरा तोच राहिला. छपाईचं यंत्र किरकिरत चालू झालं, आणि कागद सरकत सरकत शेवटच्या ओळीपर्यंत आला.

“मिळाली,” आरवाडेसाहेब फोनवर म्हणाले.

“पुरी?”

“पुरी.”

“वाचून दावा.”

त्यांनी फोन कानापासून जरा लांब धरला. माझ्याकडे बघितलं, मिस्त्रींकडे बघितलं. बाहेर लोक त्यांची वाट बघत होते. मला वाटलं, आता आवाज चढणार. मी नकळत एक पाऊल मागे सरलो.

त्यांनी यंत्रातून कागद फाडून घेतला, चष्मा लावला आणि पहिली ओळ वाचली. भागाचं नाव, नग, नापास किती. मग दुसरी. पलीकडे मंदाताई प्रत्येक ओळीला “हं” म्हणत होत्या. हॉलमधला बाकी सगळा आवाज थांबला होता. मधे एकदा साहेबांनी एक ओळ सोडली, तर त्या म्हणाल्या, “त्याच्या आधी एक ऱ्हायली,” आणि साहेब मागे गेले. यादी चांगली लांब होती. त्यांनी ती शेवटपर्यंत वाचली.

“बरोबर हाय,” मंदाताई म्हणाल्या, आणि फोन ठेवला.